ठिणगीचा माग

बंगळूर शहराच्या पूर्वेस, जुन्या विमानतळाच्या रस्त्याने गेले म्हणजे मारतहळ्ळी नावाची वस्ती लागते. हे नाव कानी पडताच मराठी माणूस हटकून थबकतो. १६३८ नंतर बंगळूर शहाजीराजांच्या जहागिरीत होते, तेव्हा 'मराठ्यांची हळ्ळी' असा अर्थ लावण्याचा मोह आपल्याला होणे स्वाभाविक आहे. तेथील लोक मात्र आणखी एक उगम सांगतात. शेजारच्या विमान कारखान्यात तयार झालेले 'मारुत' हे लढाऊ विमान १७ जून १९६१ रोजी प्रथम उडाले, त्यावरून हे नाव पडले, असे त्यांचे म्हणणे. हळ्ळी म्हणजे कानडीत खेडे. ज्या खेड्याच्या शेजारी कारखाना आला, त्या खेड्याने आपले नाव कारखान्यातल्या विमानाकडून उसने घ्यावे, हा क्रम मला तरी उफराटा वाटतो. असो. नावाचा निवाडा करण्याचा माझा अधिकार नाही. मला सांगावयाचे आहे ते त्या वस्तीत वारंवार बंद पडणाऱ्या एका मोटारीविषयी, आणि तिच्या निमित्ताने ठिणगीच्या इतिहासाविषयी.

आमचे एक ज्येष्ठ स्नेही मारतहळ्ळीस राहतात. मूळचे सोलापूरकडचे, नोकरीनिमित्त दक्षिणेत गेले आणि तिकडचेच झाले. त्यांच्यापाशी गेल्या शतकाच्या अखेरच्या वर्षांतली एक मोटार आहे. ती कोणत्या कंपनीची, हे सांगण्याचे कारण नाही. आठवड्यातून दोनदा आजारी पत्नीला रुग्णालयात न्यावयाचे आणि संध्याकाळी परत आणावयाचे, हे तिचे मुख्य काम. सकाळी गाडी तक्रार करीत नसे. संध्याकाळी मात्र मारतहळ्ळीच्या पुलाखाली, वाहनांच्या गर्दीत, ती एकाएकी गप्प होई. अर्ध्या तासाने काहीच न घडल्यासारखी पुन्हा सुरू होई. तो अर्धा तास मागच्या आसनावर बसलेल्या आजारी माणसाने कसा काढावयाचा, हा खरा प्रश्न होता. तीन ठिकाणी दुरुस्ती झाली. प्लग बदलले, पेट्रोलचा पंप बदलला, कॉइल बदलली. दुखणे जागच्या जागी. चिरंजीवांनी पत्र धाडले की, आता ही गाडी भंगारात द्यावी.

रोगाचे मूळ कळावयास थोडे मागे गेले पाहिजे.

पेट्रोलच्या एंजिनात हवा आणि इंधन यांचे मिश्रण दाबले जाते, आणि नेमक्या क्षणी त्याला आग द्यावी लागते. हा 'नेमका क्षण' हीच सगळी अडचण. चार सिलिंडरांचे एंजिन मिनिटाला तीन हजार फेरे घेऊ लागले म्हणजे त्याला सेकंदाला शंभर ठिणग्या हव्या असतात, आणि त्यातली एकही उशिरा आलेली चालत नाही. 'मारुत'सारख्या जेट विमानाचे बरे असते. त्याच्या एंजिनाला एकदा चेतवले की ज्योत तेवत राहते. मोटारीला मात्र प्रत्येक घासाला नवी काडी ओढावी लागते.

१८६० साली पॅरिसमध्ये लेन्वार याने वायूवर चालणाऱ्या एंजिनात विजेची ठिणगी वापरली. परंतु डाइमलरने १८८५ च्या सुमारास आपल्या एंजिनाला लावली ती तापवून लाल केलेली नळी. वीज अजून विश्वासाची झाली नव्हती. ती विश्वास मिळवू लागली १९०२ साली. त्या वर्षी जर्मनीत रॉबर्ट बॉश यांच्या कारखान्यात गोटलोब होनोल्ड याने उच्च दाबाचा मॅग्नेटो सिद्ध केला. एंजिनाने स्वतःच फिरवलेल्या चुंबकातून ठिणगी निघू लागली. त्यानंतर अमेरिकेत चार्ल्स केटरिंग याने बॅटरीवर चालणारी प्रज्वलनाची पद्धत बसवली. १९१० च्या कॅडिलॅक गाडीत ती आली, आणि पुढे साठ वर्षे जगातल्या बहुतेक मोटारी त्याच तत्त्वावर धावल्या.

केटरिंगची युक्ती इतकी साधी आहे की, ती वाचून कळण्यापेक्षा पाहून अधिक लवकर कळते. एका कॉइलमध्ये तारेचे दोन वेढे असतात, एक जाड आणि थोडा, दुसरा बारीक आणि हजारो फेऱ्यांचा. जाड वेढ्यातून बॅटरीचा प्रवाह वाहू द्यावयाचा आणि हवा त्या क्षणी तो एकदम तोडावयाचा. प्रवाह तुटताच चुंबकत्व कोसळते, आणि बारीक वेढ्यात वीस हजार व्होल्ट किंवा त्याहून अधिक दाब उसळतो. म्हणजे ठिणगी उत्पन्न होते ती जोडण्यातून नव्हे, तोडण्यातून. हे तोडण्याचे काम करीत दोन चिमुकले धातूचे बिंदू. आपल्याकडचे मिस्त्री त्यांना 'सीबी पॉइंट' म्हणतात. त्यांच्या शेजारी एक कंडेन्सर, वर फिरणारा रोटर, आणि त्यावर टोपी. या सगळ्या संसाराचे खरे नाव डिस्ट्रिब्यूटर. परंतु मुंबईपासून बंगळूरपर्यंत कोणत्याही गॅरेजात विचारा, त्याला 'डेल्को' म्हणतात. डेल्को हे केटरिंग आणि त्याचा भागीदार डीड्स यांच्या डेटन येथील कंपनीच्या नावाचे आद्याक्षरांनी बनलेले रूप. ज्या मिस्त्रीने डेटन शहराचे नावही ऐकलेले नाही, त्याच्या तोंडी ते शंभर वर्षे टिकून आहे.

आपल्या देशात या विद्येचा प्रवेश झाला त्यात सोलापूरच्या एका माणसाचा हात आहे. वालचंद हिराचंद यांचा जन्म १८८२ चा, सोलापूरचा. १९३९ साली मोटारींचा कारखाना काढण्याच्या खटपटीत ते अमेरिकेस गेले. परतीच्या प्रवासात विमानात त्यांची विल्यम पॉली या अमेरिकन व्यावसायिकाशी गाठ पडली, आणि मोटारी काढावयास निघालेला माणूस विमानांचा बेत घेऊन आला. म्हैसूर दरबाराच्या साहाय्याने डिसेंबर १९४० मध्ये बंगळुरास हिंदुस्थान एअरक्राफ्ट ही कंपनी स्थापन झाली. १९४२ मध्ये सरकारने ती आपल्या हाती घेतली. मारतहळ्ळीच्या शेजारचा कारखाना तो हाच. मोटारींचा विचार वालचंदांनी सोडला मात्र नव्हता. १९४४ साली त्यांनी प्रीमियर ऑटोमोबाइल्स ही कंपनी काढली. कुर्ल्याच्या तिच्या कारखान्यातून १९४७ मध्ये पहिल्या गाड्या बाहेर आल्या. पुढे फियाटशी करार झाला, आणि तिची धाकटी लेक, जिला १९७४ पासून 'पद्मिनी' हे नाव मिळाले, ती मुंबईच्या रस्त्यांची टॅक्सी होऊन बसली. ऑक्टोबर २०२३ मध्ये मुंबईच्या टॅक्सींतून तिने कायमचा निरोप घेतला, तेव्हा अनेकांना आप्त गेल्यासारखे वाटले. इकडे बंगळुरात १९५१ साली मोटर इंडस्ट्रीज ही कंपनी उभी राहिली. 'मायको' हे तिचे नाव प्लगच्या डब्यांवरून घरोघर पोहोचले.

त्या काळच्या गाडीच्या सीबी पॉइंटचे गुण आणि दोष दोन्ही उघडे होते. पॉइंट झिजत, काळे पडत. त्यांच्यातील फट अर्ध्या मिलिमीटरच्या आसपास राखावी लागे. ती चुकली की गाडी धाप टाकी. परंतु टोपी काढली की रोग डोळ्यांना दिसे. काचकागदाचा तुकडा, फट मोजण्याची पट्टी आणि थोडा धीर एवढ्यावर घाटातही गाडी उभी करता येई. खंडाळ्याच्या चढावर पेट्रोलच्या पंपावर ओले फडके टाकून बसलेले प्रवासी ज्यांनी पाहिले आहेत, त्यांना त्या उपचाराचीही आठवण असेल. उन्हाने नळीत पेट्रोलची वाफ धरे, आणि पंप नुसती वाफच ओढीत राही. त्यावर ते औषध होते.

मग हे पॉइंट गेले का? आळसामुळे नव्हे. १९७० साली अमेरिकेने हवेच्या शुद्धतेचा कठोर कायदा केला. झिजणाऱ्या पॉइंटबरोबर ठिणगीची वेळ सरकते, एखादी ठिणगी चुकते, आणि न जळलेले इंधन धुराड्यातून बाहेर पडते. हा सैलपणा नव्या कायद्यात बसेना. ट्रान्झिस्टर १९४७ पासून माणसाच्या हाती होताच. त्याला काही झिजत नाही, काही घासत नाही. १९७० नंतरच्या चार-पाच वर्षांत क्रायस्लर आणि जनरल मोटर्स यांनी पॉइंट काढून त्यांच्या जागी एक लहानशी बंद पेटी बसवली. डेल्कोत फिरणाऱ्या दात्यांची चाहूल एक चुंबकी वेढा घेतो, त्याला 'पिकअप' म्हणतात. ती चाहूल पेटीस कळते, आणि पेटी कॉइलचा प्रवाह तोडते. तत्त्व केटरिंगचेच, फक्त तोडणारा हात बदलला. आपल्याकडे ही पेटी सर्रास दिसू लागली ती बऱ्याच उशिरा.

या पेटीला एकच शत्रू भारी आहे. तो म्हणजे उष्णता. फोर्ड कंपनीने १९८३ च्या सुमारास ती डेल्कोच्याच अंगावर, तापलेल्या एंजिनाला चिकटून, बसवली. तेथे ती तापून निकामी होते, चालती गाडी अकस्मात बंद पडते, अशी तक्रार घेऊन मालक कॅलिफोर्नियाच्या न्यायालयात गेले. २००० साली न्यायाधीशांनी कंपनीवर ठपका ठेवला आणि २००१ मध्ये तडजोड झाली. दरम्यान काही गाड्यांतली पेटी एंजिनापासून दूर हलवली गेली होती.

आता आमच्या स्नेह्यांच्या गाडीकडे वळू. तापल्यावर बंद, निवल्यावर सुरू, हे लक्षण एका रोगाचे नाही. पेट्रोलची वाफ धरली तरी तेच होते. कॉइल आतून तुटली, पिकअप सैल झाला, पेटी बिघडली, तरी तेच. आधीच्या तिन्ही दुरुस्त्यांत चूक झाली ती येथे. लक्षणावरून रोग ठरवला गेला, आणि तोही गाडी निवल्यावर, म्हणजे रोग पळून गेल्यावर. स्नेह्यांनी स्वतःही एकदा पाण्याची बाटली एंजिनावर उपडी केली होती. गाडी सुरू झाली, परंतु सगळेच निवल्यामुळे गुन्हेगार कोण ते कळले नाही.

चौथा मिस्त्री वयस्क होता, पद्मिनीवर शिकलेला. त्याने हत्यारे गाडीत टाकली आणि म्हणाला, "साहेब, ती बंद पडेल तिथे मला घेऊन चला." पुलाखालीच गाडी थांबली. पहिल्याप्रथम त्याने कार्ब्युरेटरचे तोंड उघडून ॲक्सिलरेटर दाबावयास सांगितला. आत पेट्रोलची बारीक धार उडाली. म्हणजे पेट्रोल पोहोचते आहे. एक प्लग काढून, तारेला लावून, एंजिनाच्या अंगाशी धरला आणि स्टार्टर मारला. ठिणगी नाही. येथे वाफेचा संशय संपला. नंतर त्याने एक साधा बारा व्होल्टचा दिवा काढला. कॉइलच्या धन टोकाशी लावताच तो लागला. म्हणजे प्रवाह येत होता. ऋण टोकाशी लावून स्टार्टर मारला, तेव्हा दिवा लुकलुकावयास हवा होता. तो संथ जळत राहिला. प्रवाह तोडणारे कोणी नव्हतेच.

राहिले दोघे, पिकअप आणि पेटी. पिकअपच्या तारा त्याने मीटरवर तपासल्या, तापलेल्या असतानाच, हलवून हलवून. वेढा अखंड होता आणि एंजिन फिरताच त्यातून स्पंदने येत होती. मग त्याने फडके भिजवून घट्ट पिळले आणि केवळ त्या पेटीवर ठेवले, दुसऱ्या कशावरही नाही. पाच मिनिटांनी गाडी सुरू झाली. खंडाळ्याचे जुने औषध. परंतु येथे ते औषध म्हणून नव्हे, साक्षीदार म्हणून वापरले गेले.

दुसऱ्या दिवशी पेटीचे स्क्रू सोडले तेव्हा खरी हकीकत निघाली. पेटीची पाठ डेल्कोच्या धातूला टेकते. त्या दोहोंमध्ये पांढऱ्या लेपाचा पातळ थर असावा लागतो, म्हणजे पेटीची उष्णता धातूत उतरते. तो लेप तेथे नव्हताच. पूर्वी केव्हा तरी कोणी तरी ही पेटी बदलली होती आणि कोरडीच बसवली होती. नुसती नवी आणून लावली असती, तर वर्षभरात तीही गेली असती. जे. सी. रोडवरच्या सुट्या भागांच्या बाजारात दोन दिवस हिंडून मिस्त्रीने जोडीची पेटी मिळवली आणि लेपाची नळीही आणली. जुनी पेटी कुतूहलाने फोडून पाहिली. आत काळी राळ ओतलेली. पाहण्याजोगे काही नव्हते.

पुढच्या मंगळवारी संध्याकाळी गाडी पुलाखाली उभी राहिली ती फक्त पुढची वाहने हलत नव्हती म्हणून. एंजिन चालू होते. मागे बसलेल्या वहिनींनी विचारले, "आज किती वेळ?" स्नेही म्हणाले, "सिग्नल सुटला की निघू."