हजेरीपटापासून निविदेपर्यंत : शासकीय कंत्राटांची माहिती आणि नागरिकांचा अधिकार

प्रस्तावना

सार्वजनिक निधीचा मोठा भाग रस्ते, बंधारे, इमारती, पाणीपुरवठा योजना आणि साहित्यखरेदी यांच्या कंत्राटांद्वारे खर्च होतो. त्यामुळे कंत्राटाची कागदपत्रे पाहण्याचा अधिकार हा शासनाला हिशेब विचारण्याच्या अधिकाराचा गाभा ठरतो. भारतातील माहिती अधिकाराचा इतिहास बहुधा न्यायालयीन निर्णय आणि संसदीय कायदे यांच्या अनुषंगाने मांडला जातो. तथापि ही मागणी लोकचळवळ बनली ती कामाच्या हजेरीपटातून आणि देयकांतून. प्रस्तुत निबंधात या वाटचालीचा संक्षिप्त आढावा घेतला आहे.

गोपनीयतेची परंपरा

ब्रिटिश राजवटीने १८८९ मध्ये आणि पुढे १९२३ मध्ये शासकीय गुपितांविषयी कायदे केले. स्वातंत्र्यानंतरही १९२३ चा कायदा कायम राहिला आणि त्याच्या छायेत कागद न दाखवणे हाच कार्यालयांचा शिरस्ता झाला. १९७५ मध्ये राज नारायण खटल्यात न्यायमूर्ती के. के. मॅथ्यू यांनी सार्वजनिक अधिकाऱ्यांची प्रत्येक सार्वजनिक कृती जाणून घेण्याचा जनतेला अधिकार आहे, असे प्रतिपादन केले. १९८१ च्या एस. पी. गुप्ता खटल्यात हा विचार राज्यघटनेच्या कलम १९(१)(क) शी अधिक स्पष्टपणे जोडला गेला. परंतु या निर्णयांनी तत्त्व दिले, कार्यपद्धती दिली नाही. एखाद्या गावातील बंधाऱ्याच्या देयकाची प्रत कोणाकडे व कशी मागावी, हा प्रश्न अनुत्तरितच राहिला.

जनसुनावणी आणि छायाप्रतीचा आग्रह

या प्रश्नाला राजस्थानातील मजुरांनी वाचा फोडली. १९९० मध्ये स्थापन झालेल्या मजदूर किसान शक्ती संघटनेने अरुणा रॉय, निखिल डे, शंकर सिंह आदींच्या पुढाकाराने किमान वेतनाचा प्रश्न हाती घेतला. काम कमी भरले म्हणून मजुरी कमी, असे उत्तर मजुरांना मिळे. मात्र ते पडताळण्यासाठी लागणारी मोजमाप पुस्तिका आणि हजेरीपट गोपनीय मानले जात. वेतनाचा लढा माहितीचा लढा झाला तो या अडवणुकीमुळे.

२ डिसेंबर १९९४ रोजी पाली जिल्ह्यातील कोटकिराना येथे पहिली जनसुनावणी झाली. हजेरीपट व देयके गावकऱ्यांसमोर जाहीरपणे वाचली गेली आणि कागदावरील नोंदींची प्रत्यक्षाशी तुलना करण्यात आली. एप्रिल १९९५ मध्ये मुख्यमंत्री भैरोसिंह शेखावत यांनी स्थानिक विकासकामांच्या कागदपत्रांच्या प्रती देण्याचे आश्वासन विधानसभेत दिले. पण ते अमलात न आल्याने एप्रिल १९९६ मध्ये ब्यावर येथे चाळीस दिवसांचे धरणे झाले.

या आंदोलनात छायाप्रतीचा आग्रह मध्यवर्ती होता. कागद नुसता पाहून केलेली टिपणे कोणीही नाकारू शकतो. प्रमाणित प्रत हा पुरावा असतो. मागणीचे मोल या फरकात होते.

कायद्याची घडण

१९९६ मध्ये भारतीय वृत्तपत्र परिषदेचे अध्यक्ष न्यायमूर्ती पी. बी. सावंत यांच्या नेतृत्वाखाली माहिती अधिकार विधेयकाचा मसुदा तयार झाला. तामिळनाडू व गोवा यांनी १९९७ मध्ये, तर राजस्थान व कर्नाटक यांनी २००० मध्ये कायदे केले. महाराष्ट्रात २००२ मध्ये अध्यादेश निघाला आणि अण्णा हजारे यांच्या आंदोलनाच्या पार्श्वभूमीवर ऑगस्ट २००३ मध्ये कायद्याला राष्ट्रपतींची संमती मिळाली. केंद्राचा २००२ चा माहिती स्वातंत्र्य कायदा मात्र अमलात आलाच नाही. अखेर माहितीचा अधिकार अधिनियम १२ ऑक्टोबर २००५ पासून पूर्णतः लागू झाला.

कंत्राटांच्या दृष्टीने या अधिनियमातील कलम २(ञ) विशेष महत्त्वाचे आहे. त्यानुसार नागरिकाला कागदपत्रांच्या प्रमाणित प्रतींबरोबरच कामाची पाहणी करण्याचा आणि साहित्याचे प्रमाणित नमुने घेण्याचाही अधिकार आहे. रस्त्यात वापरलेली खडी किंवा डांबर हीदेखील अशा रीतीने माहिती ठरली.

व्यावसायिक गुपिताचा प्रश्न

कंत्राटाची माहिती नाकारताना कलम ८(१)(घ) पुढे केले जाते. त्रयस्थ पक्षाच्या स्पर्धात्मक स्थानाला हानी पोहोचवणारी वाणिज्यिक माहिती, व्यापक जनहित नसल्यास, देण्यातून सूट आहे. कलम ११ नुसार त्या पक्षाला आपली बाजू मांडण्याची संधी द्यावी लागते. परंतु त्याचा आक्षेप म्हणजे नकाराधिकार नव्हे. निर्णय जन माहिती अधिकाऱ्यानेच करावयाचा असतो.

येथे काळाचा निकष निर्णायक ठरतो. निविदा उघडण्यापूर्वी दर गुप्त राहणे स्पर्धेसाठी आवश्यक असते. कंत्राट दिल्यानंतर त्या गुप्ततेचे प्रयोजन बहुतांशी संपते. झारखंड उच्च न्यायालयाने २००७ मध्ये, निविदेचा निर्णय होऊन कंत्राट दिले गेल्यानंतर निविदेची कागदपत्रे उघड करता येतात, अशीच भूमिका घेतली. निर्मितीचे तंत्र हे गुपित असू शकते. शासनाने त्या वस्तूसाठी मोजलेली किंमत हे गुपित मानणे कठीण आहे.

स्वयंप्रेरित प्रकटीकरण

अर्ज न करताही माहिती मिळावी, हा कलम ४ चा हेतू आहे. केंद्राच्या कार्मिक व प्रशिक्षण विभागाने १५ एप्रिल २०१३ च्या मार्गदर्शक सूचनांत खरेदीविषयक माहिती स्वतःहून प्रसिद्ध करण्यास सांगितले. मात्र २०१२ मध्ये लोकसभेत मांडलेले सार्वजनिक खरेदी विधेयक २०१४ मध्ये लोकसभेच्या विसर्जनाबरोबर व्यपगत झाले.

समारोप

निविदांच्या संकेतस्थळांची रचना मुख्यतः निविदा सूचनेपासून कंत्राट देण्यापर्यंतच्या टप्प्यांभोवती आहे. प्रत्यक्षात गैरव्यवहाराला वाव त्यानंतर अधिक असतो : मुदतवाढ, वाढीव काम, मोजमाप आणि देयक यांत. कोटकिरानात वाचले गेलेले कागद याच टप्प्यातील होते. म्हणूनच निविदा प्रसिद्ध झाल्याने पारदर्शकता पूर्ण झाली, असे मानता येत नाही. मोजमाप पुस्तिका आणि देयके हीदेखील न मागता नागरिकांपुढे येतील, तेव्हाच मजुरांनी मागितलेला हिशेब खऱ्या अर्थाने पुरा होईल.