अणूचा दिवा, परक्याचें तेल

अहमदनगरच्या, म्हणजे आजच्या अहिल्यानगरच्या, भुईकोट किल्ल्यांत १९४४ सालीं पंडित जवाहरलाल नेहरू बंदिवान होते. भारताच्या इतिहासाचा शोध घेणारा आपला ग्रंथ ते तेथें लिहीत होते. त्याच वर्षाच्या मार्च महिन्यांत डॉ. होमी भाभा यांनीं सर दोराबजी टाटा विश्वस्तनिधीला एक पत्र धाडलें. अणुशक्तीपासून वीज काढण्याची वेळ येईल, तेव्हां तज्ज्ञांसाठीं आपल्या देशाला परदेशाचें तोंड पाहावें लागूं नये, असा त्या पत्राचा आशय होता. हिरोशिमाचा संहार व्हावयास तेव्हां जवळजवळ दीड वर्षाचा अवधि होता!

पुढें किल्ल्यांतील बंदिवान पंतप्रधान झाले. १९४८ सालीं त्यांच्या सरकारनें अणुशक्ति आयोग स्थापिला व अध्यक्षपद भाभांकडे दिलें. १९६९ सालीं तारापूर येथें देशांतील पहिलें अणुवीजकेंद्र चालूं झालें. तें पाहावयास भाभा मात्र हयात नव्हते.

तज्ज्ञ आपले झाले. परंतु तारापूरच्या पहिल्या दोन्ही भट्ट्या अमेरिकन होत्या. त्यांना समृद्ध युरेनियम लागे आणि तेंहि १९६३ च्या करारान्वयें अमेरिकेंतूनच येई. १९७४ सालीं पोखरणला अणुस्फोट झाला. त्यानंतर पुरवठ्यांत खोळंबा होऊं लागला. १९७८ च्या अमेरिकन कायद्यानें अडचण वाढविली. अखेर १९८२ सालीं फ्रान्सनें इंधन देण्याचें मान्य केलें. दिवा आपल्या घरांतला, पण तेल शेजाऱ्याच्या मर्जीचें, अशी ही अवस्था होती.

फ्रान्सनें १९७४ सालीं खनिज तेलाच्या टंचाईमुळें अणुविजेची कास धरली. आज त्या देशाची सुमारें दोनतृतीयांश वीज अणूपासून निघते. आपल्याकडे हें प्रमाण शेंकडा तीनच्या आसपास आहे. परंतु युरेनियम फ्रान्सलाहि बाहेरूनच आणावें लागतें. अणूचा आश्रय घेतल्यानें परावलंबन आपोआप संपतें, असें नाहीं.

तारापूरलाच २००५ व २००६ सालीं प्रत्येकी ५४० मेगावॅटच्या दोन भट्ट्या चालूं झाल्या. त्या भारतीय अभियंत्यांनीं उभारल्या असून नैसर्गिक युरेनियमवर चालतात. तथापि देशांतल्या खाणी सर्व गरज भागवूं शकत नाहींत. २००८ नंतर कांहीं केंद्रांसाठीं निरनिराळ्या देशांकडून इंधन घेतां येऊं लागलें. एकाच दारावर ताटकळण्यापेक्षां हें बरें. भाभांनीं तज्ज्ञांविषयीं जी काळजी वाहिली, तीच इंधनाविषयीं वाहणें, हा तारापूरच्या इतिहासाचा धडा होय.