ससा नव्हे, लापँबाई

नऊ वर्षांपूर्वी एका छोट्या नियतकालिकात मी युरोपातल्या मांसाहारी पदार्थांवर टिपण लिहिले होते. त्यात एक वाक्य असे होते : 'बेल्जियममधील लिएज शहरात खिम्याचे गोळे सशाच्या रश्शात शिजवतात.' फ्रेंच मी शिकलो ते नोकरीवरून परतल्यावर, रात्री, शब्दकोश मांडीवर घेऊन. पदार्थाचे नाव 'बुले सोस लापँ'. बुले म्हणजे गोळा, सोस म्हणजे रस्सा आणि लापँ म्हणजे ससा. महिनाभराने एका वाचकाचे पोस्टकार्ड आले : 'आपण दिलेल्या साहित्यात ससा कुठे आहे, तेवढे कळवावे.' मी पाहिले. ससा नव्हता. कांदा होता, व्हिनेगर होते, मनुका होत्या, फळांचा पाक होता, बिअर होती. सशाचा केसही नव्हता. त्या कार्डाला मी उत्तर दिले नाही. लाज वाटली. हा लेख म्हणजे ते राहिलेले उत्तर.

लिएजमध्ये सांगितले जाते ते असे. जेराल्दीन लापँ (1868–1944) या बाईंच्या नावावरून या रश्शाचे नाव पडले. यजमान एर्नेस्त लापँ हे लिएजच्या उपनगरी भागात करवसुली अधिकारी होते. म्हणजे 'ससा' हे त्या घराचे आडनाव. बेल्जियममध्ये बिअर आणि सुक्या आलुबुखारांत शिजवलेला खराखुरा ससाही आवडीने खातात, त्यामुळे माझ्यासारखे फसणारे पुष्कळ असणार. 'हा रस्सा मुळात सशासाठीच असेल' असा तर्क करता येतो, आणि तो हसण्यावारी नेण्याजोगा नाही. पण माझा कल बाईंकडे आहे, तो व्याकरणामुळे. रश्शात ससा असता तर फ्रेंचमध्ये मधे एखादे अव्यय आले असते. माणसाचे नाव मात्र रश्शाच्या नावाला थेट चिकटते. 'सोस बेशामेल' तसेच झाले. पुरावा निर्णायक नाही, हे मान्य.

बाईंचे माहेरचे आडनाव कोर्थाउट्स. त्याचे वळण फ्लेमिश, आणि पदार्थ मात्र फ्रेंच बोलणाऱ्या वालोनियाचा अभिमान! बेल्जियमची भाषिक सीमारेषा 1962 च्या कायद्याने आखली गेली आणि पुढच्या वर्षी लागू झाली. माझे आजोळ निपाणीचे, त्यामुळे अशा रेषा कागदावर कशा दिसतात आणि स्वयंपाकघरात कशा, हे मला निराळे सांगावे लागत नाही. रेषेच्या उत्तरेला खिम्याचे गोळे आंबट चेरींबरोबर खातात, दक्षिणेला फळांच्या पाकात. मांस बिअरमध्ये मंद शिजवणे दोन्हीकडे आहे. फ्लेमिश लोक गोमांसाच्या तुकड्यांवर मोहरी फासलेला पाव पालथा घालतात. तो विरघळतो आणि रस्सा दाट होतो. लिएजच्या गोळ्यातही दुधात भिजवलेला शिळा पाव असतोच. तो खिम्याचा रस धरून ठेवतो आणि अर्ध्या मांसात ताट भरल्यासारखे दिसते.

बिअरच का? द्राक्षाला हा प्रदेश थंड पडतो, बार्ली मात्र चांगली येते. बिअर घरोघरी असे. वाइन विकत आणावी लागे. त्यात लिएज हे कोळशाचे आणि लोखंडाचे शहर. 1817 साली जॉन कॉकरिलने जवळच्या सरँ गावी कारखाना काढला. मंद आचेवर तासभर भांडे ठेवणे अशा गावातल्या बाईला जड गेले नसावे, असे मला वाटते. पुढे 1919 मध्ये मंत्री एमिल व्हान्डरव्हेल्डे यांच्या कायद्याने गुत्त्यांत कडक दारू देण्यावर बंदी आली, दुकानातही दोन लिटरहून कमी विकत मिळेना. मजुराला एवढी एकदम घेणे परवडू नये, हाच हेतू. तो कायदा 1983 पर्यंत टिकला. बेल्जियममध्ये कडक, गोडसर, गडद बिअरची चलती झाली त्याचे एक कारण या कायद्यात शोधतात. पातेल्यासाठी अशीच बिअर हवी.

हे मला कळले ते घरच्या शेगडीवर. बोकडाचा अर्धा किलो खिमा (तिकडे डुक्कर आणि गाय निम्मेनिम्म), दुधात भिजवलेले दोन पाव, एक अंडे, जायफळ. गोळे लिंबाहून मोठे, जवळजवळ मोसंबीएवढे. लिएजमध्ये ताटात दोनच वाढतात. ते तेलात तांबूस परतून बाजूला काढले, त्याच भांड्यात तीन कांदे मऊ केले, चमचाभर मैदा, लवंग, तमालपत्र, व्हिनेगर आणि कोपऱ्यावरच्या दुकानातली फिकट बिअर. पाऊण तासाने रस्सा कडू जहर! हॉप्सचा कडूपणा उडून जात नाही. पाणी आटते तसा तो दाटतो. मद्यही लोक समजतात तसे लगेच उडत नाही, तासभर उकळूनही सुमारे चौथा हिस्सा उरतो. ज्यांना वर्ज्य आहे त्यांना ताट वाढण्याआधी हे सांगावे.

राहता राहिला पाक. लिएजच्या पूर्वेला एर्वच्या पठारावर नाशपाती आणि सफरचंदांच्या बागा आहेत. फळे मोठ्या तांब्याच्या कढईत कित्येक तास शिजवायची, पिळायची, आणि रस काळा, दाट होईपर्यंत आटवायचा. किलोभर पाकाला सहा ते आठ किलो फळ लागते. वर्णन वाचले तेव्हा मला आजोबांचे गुऱ्हाळच दिसले : काहील, चुलवाण, रात्रीचा जागर. म्हणून दुसऱ्या खेपेला मी काकवी घातली. गोडी आली, पण चव उसाची. फळाचा आंबूसपणा नाही. तिसऱ्या खेपेला दोन किलो सफरचंदे आणि नाशपाती किसून, शिजवून, फडक्यातून पिळून रस आटवला. रात्री नऊला सुरुवात केली ते एक वाजला. वाटीभर पाक निघाला. बायको म्हणाली, "गॅसच्या पैशात तिकडे जाऊन आला असतात." बिअरही या वेळी गडद आणि कमी कडू शोधून आणली, शेवटी मूठभर काळ्या मनुका टाकल्या.

रस्सा तपकिरी, चकचकीत झाला; आधी गोड लागला, मग आंबट, आणि कडूपणा अगदी मागे, जिभेच्या टोकापासून दूर. तिकडे याबरोबर बटाट्याच्या तळलेल्या फोडी देतात. उरलेले दोन गोळे दुसऱ्या दिवशी आम्ही ज्वारीच्या भाकरीबरोबर खाल्ले. ते अधिक मुरले होते.

पोस्टकार्ड अजून माझ्याकडे आहे. त्यावरच्या पत्त्यावर मी या अंकाची एक प्रत पाठवणार आहे.