दोन रौप्यमहोत्सव

चाकूरच्या बसस्टँडवर चहा घेताना एक शहाणपण हमखास कानावर येतं. बंडखोर पोरं म्हणजे परदेशाची नक्कल. पँथर तरी काय, अमेरिकेहून उचललेलं नावच ना!

नाव उचललेलं, कबूल. ब्लॅक पँथर १९६६ साली ऑकलंडला निघाली, दलित पँथर १९७२ साली मुंबईत. पण पाटी उसनी म्हणून दुकानातला मालही उसना ठरवायचा का? 'साधना'च्या १५ ऑगस्ट १९७२ च्या अंकातला पँथरच्या राजा ढाले यांचा 'काळा स्वातंत्र्यदिन' हा लेख काढून बघा. त्याचं मूळ आपल्या परभणी जिल्ह्यातल्या ब्राह्मणगावात झालेल्या बौद्ध स्त्रीच्या विटंबनेत सापडतं. अशी विटंबना केली तर महिनाभर कैद किंवा ५० रुपये दंड, राष्ट्रगीताला उभं राहिलं नाही तर ३०० रुपये. ढाल्यांनी हा हिशेब मांडला, तोही शिवराळ भाषेत. बोभाटा झाला तो राष्ट्रध्वजाबद्दलच्या त्यांच्या शब्दांचा. आकडे कुणाला झोंबले नाहीत.

परदेशाचंच बोलायचं तर लंडनच्या पंक संगीतवाल्या पोरांनी राणीच्या राज्यारोहणाच्या रौप्यमहोत्सवाची टर उडवली १९७७ साली. आपल्या स्वातंत्र्याच्या रौप्यमहोत्सवाचा रंग त्याआधी पाच वर्षं खरवडून झाला होता. मग नक्कल कुणी कुणाची केली? (कुणीच नाही, असं माझं मत.)

नकलेचा हा शिक्का सरकारांना फार सोयीचा. पूर्व जर्मनीच्या समाजवादी राजवटीनं आपल्या पंकांवर तोच मारला. लंडनच्या पोराला नोकरी नव्हती, पुढं काही दिसत नव्हतं. पूर्व बर्लिनच्या पोराचं पुढचं सगळं सरकारनं आधीच आखून ठेवलेलं; काम टाळणं हाच तिथं कलम २४९ खाली गुन्हा. कपडे सारखे, दुखणं उलटं. तिथल्या 'नामेनलोस' या पंक बँडच्या पोरांना १९८३ साली अटक झाली ती गाण्यांपायी.

विरोधकांचा एक मुद्दा मात्र जड आहे. ज्यांनी पँथर उभी केली त्या नामदेव ढसाळांनीच आणीबाणीत इंदिरा गांधींचं कौतुक करणारं 'प्रियदर्शिनी' हे काव्य लिहिलं. मला ते आजही पचत नाही. पण त्यानं बंड उसनं ठरत नाही. सत्तेला ते गिळता येतं, एवढंच दिसतं. ढसाळांनी निदान उघड लिहिलं. ड्रेस्डेनच्या पंक बँडमधला कवी साशा आंदरसन स्टाझीचा, म्हणजे पूर्व जर्मनीच्या गुप्त पोलिसांचा, खबऱ्या होता, हे कळायला बर्लिनची भिंत पडून १९९१ साल उजाडावं लागलं.