बांधणाऱ्यांचे कागद

बांधकाम कामगारांसाठी १९९६ साली जो केंद्रीय कायदा झाला, त्याप्रमाणे कल्याण मंडळाकडे नाव नोंदवावयाचे तर मागील बारा महिन्यांत किमान ९० दिवस बांधकामावर काम केल्याचा पुरावा लागतो. अट वाजवी आहे. परंतु उभे आयुष्य ओळंबा हाती धरून काढलेला गवंडी समोर येऊन बसतो आणि ९० दिवसांचा एक चिटोरासुद्धा त्याला दाखविता येत नाही, असे मी कितीदा तरी पाहिले आहे. आपण बांधलेल्या इमारती तो खिडकीतून बोटाने दाखवितो. हजेरीपट मुकादमाकडे होता, मुकादम दुसऱ्या गावी गेला, कागद रद्दीत गेले. इमारत पुरी झाली की तिचे कागद सर्वांआधी नाहीसे व्हावयाचे, ही आमच्या धंद्याची रीतच आहे.

म्हणून असले कागद कोणी मुद्दाम जपून ठेवले आहेत असे वाचनात आले की मी तेथेच थबकतो. न्यूयॉर्कच्या कोलंबिया विद्यापीठातील एव्हरी ग्रंथालय हे असे एक ठिकाण. मी तेथे गेलेलो नाही. माझे शिक्षण सार्वजनिक वाचनालयाच्या बाकावर झाले, आणि या ग्रंथालयाची ओळखही पुस्तकांतूनच झाली. हेन्री ऑग्डन एव्हरी नावाचा तरुण वास्तुशिल्पज्ञ १८९० साली ऐन उमेदीत वारला. त्याच्या आईबापांनी त्याची सुमारे २,००० पुस्तके, त्याने काढलेले नकाशे आणि वर काही रक्कम विद्यापीठाला देऊन मुलाचे स्मारक केले. पुतळा केला नाही, हे मला विशेष वाटते.

या ग्रंथालयाचे मोठे वैभव म्हणजे अल्बर्टीचा वास्तुविद्येवरील लॅटिन ग्रंथ. १४८५ साली फ्लॉरेन्समध्ये छापलेला हा ग्रंथ पाश्चात्य जगातील वास्तुविद्येचे पहिले छापील पुस्तक होय. त्याच्या प्रस्तावनेतच अल्बर्टी बजावतो की, वास्तुशिल्पज्ञ म्हणजे सुतार नव्हे. सुतार हे केवळ वास्तुशिल्पज्ञाच्या हातातील हत्यार. तेव्हा आमचा तंटा पाचशे वर्षांहून जुना आहे, आणि पहिले छापील पान प्रतिपक्षाचे आहे! विद्वत्तेविषयी मला पूर्ण आदर आहे. पण हत्याराला बोलता येत असते तर त्यानेही दोन शब्द सुनावले असते.

याच संग्रहात सोळाव्या शतकातील एक हस्तलिखित आहे, आणि माझ्या मते ते त्या छापील ग्रंथाहून मोलाचे आहे. सेबास्त्यानो सेर्लिओ हा मूळचा बोलोन्याचा. फ्रान्सचा राजा पहिला फ्रान्सिस याच्या बोलावण्यावरून तो १५४१ मध्ये फ्रान्सला गेला. वास्तुविद्येवर त्याने एकामागून एक पुस्तके लिहिली. त्यांतील सहावे पुस्तक राहत्या घरांविषयी आहे, आणि त्याचा आरंभ राजवाड्यापासून होत नाही. पहिले चित्र गरीब शेतकऱ्याच्या झोपडीचे. त्यानंतर त्याहून बऱ्या स्थितीतील शेतकरी, मग कारागीर, नागरिक, सरदार अशा पायऱ्या चढत चढत तो शेवटी राजापाशी पोहोचतो. शहरातील गरीब कारागिराचे घर कसे असावे याचाही नकाशा त्याने त्याच काळजीने आखला आहे. स्तंभ आणि देवळे यांवरील त्याची पुस्तके युरोपभर छापली गेली, अनेक भाषांत गेली. झोपडीपासून सुरू होणारे हे पुस्तक मात्र त्याच्या हयातीत छापले गेले नाही. एक प्रत न्यूयॉर्कला, एक म्युनिकला अशी ती हस्तलिखिते राहिली आणि विसाव्या शतकाच्या उत्तरार्धात त्यांचे मुद्रण झाले. चारशे वर्षे ते घर कागदावरच राहिले. पण कागदावर तरी राहिले.

दुर्मिळ ग्रंथ सांभाळणारी ग्रंथालये पुष्कळ आहेत. एव्हरीचे वेगळेपण असे की, ज्याला आपण कचरा म्हणू तोही तेथे क्रमांक घालून ठेवला आहे. न्यूयॉर्क व आसपासच्या भागात घरे आणि कचेऱ्या विकण्या-भाडय़ाने देण्यासाठी १९२० ते १९७० या दशकांत जी जाहिरातपत्रके, नकाशे व दरपत्रके निघाली, त्यांपैकी ९,२०० हून अधिक तेथे आहेत. हा संग्रह १९८६ मध्ये देणगी म्हणून आला. या पत्रकांना भाडेकरूने खिशात घालावे आणि आठवड्याने फेकावे एवढेच आयुष्य. परंतु त्या काळातील श्रीमंती घरांच्या नकाशांत स्वयंपाकघराच्या मागे अंग चोरून बसलेली मोलकरणीची खोली असे, ती दर्शनी बाजूच्या छायाचित्रात कधीच दिसावयाची नाही. ती दिसते या पत्रकांत. श्रीमंताच्या घरात कष्टकऱ्याला किती फूट जागा मिळाली, याचे उत्तर विकणाऱ्यानेच छापून ठेवले आहे.

कारखानदारांच्या मालाच्या सूची हाही असाच ऐवज. डॅनियल बॅजर या न्यूयॉर्कच्या ओतीव लोखंडाच्या व्यापाऱ्याने १८६५ साली आपल्या मालाचे भव्य सचित्र पुस्तक काढले: पाने चाळावी आणि इमारतीचा दर्शनी भाग मागवावा! ही रीत आपल्याला परकी नाही. मुंबईत काळा घोड्याजवळ उभे असलेले वॉटसन हॉटेल, ज्याला पुढे एस्प्लनेड मॅन्शन म्हणू लागले, त्याचा लोखंडी सांगाडा इंग्लंडात ओतून बोटीने आणला गेला आणि १८६७ ते १८६९ या काळात येथे जोडला गेला.

आता ग्वास्ताविनो कंपनीच्या दप्तराविषयी. राफाएल ग्वास्ताविनो हा स्पेनमधील वालेन्सियाचा. १८८१ मध्ये लहान मुलाला घेऊन तो न्यूयॉर्कला उतरला. त्याच्यापाशी एक विद्या होती. जेमतेम इंचभर जाडीच्या चपट्या भाजक्या विटा, लवकर आवळणारे प्लॅस्टर आणि सिमेंट, विटांचे दोन-तीन थर असे की वरचा सांधा खालच्या सांध्यावर कधी यावयाचा नाही; एवढ्यावर कमानदार छत उभे राही, आणि खाली लाकडी सेंट्रिंग जवळजवळ लागतच नसे. छत हलके, शिवाय आगीला दाद न देणारे. १८८५ पासून त्याने याची पेटंटे घेतली. सुधारणा त्याच्या होत्या हे खरे. मूळ हातोटी मात्र कातालोनिया-वालेन्सियातील गवंड्यांच्या कित्येक पिढ्यांची होती, आणि पेटंटाच्या अर्जात पिढ्यांना जागा नसते.

न्यूयॉर्कच्या सेंट जॉन कॅथीड्रलचा घुमट याच कंपनीने १९०९ मध्ये बांधला. जमिनीपासून परांची उभारली नाही. काल लावलेल्या विटांवर आज उभे राहावयाचे आणि पुढचा फेर लावावयाचा, असे करीत गवंड्यांनी सुमारे १५ आठवड्यांत तो मिटविला. खाली दीडशेहून अधिक फूट पोकळी! धंद्यातल्या माणसाला हे वाक्य वाचताना पायाखाली कसेसेच होते. तात्पुरता म्हणून घातलेला तो घुमट शंभर वर्षे उलटून गेली तरी टिकून आहे.

१९६२ मध्ये कंपनी मिटली. दप्तराची गत आमच्या हजेरीपटासारखीच व्हावयाची. परंतु गाउदीचे अभ्यासक असलेले कोलंबियातील प्राध्यापक जॉर्ज कॉलिन्स यांनी ते नकाशे, पत्रव्यवहार आणि कामांच्या नोंदी मिळवून विद्यापीठात आणल्या. कोणत्या इमारतीचे छत कोणी घातले, याचा शोध त्या दप्तरावरून घेता येऊ लागला, आणि एरवी केवळ वास्तुशिल्पज्ञाच्या नावाने ओळखल्या जाणाऱ्या शेकडो वास्तूंत या गवंडीकामाचा हात दिसला.

त्यांतलीच एक वास्तू एलिस बेटावरची. अमेरिकेत येणाऱ्या गरीब युरोपियनांची जेथे तपासणी होई, त्या मोठ्या दालनाचे प्लॅस्टरचे छत ३० जुलै १९१६ रोजी शेजारच्या दारूगोळ्याच्या धक्क्यावर जर्मन हस्तकांनी घडविलेल्या स्फोटाने खराब झाले. १९१८ मध्ये ग्वास्ताविनोंच्या गवंड्यांनी तेथे नवे छत घातले. १९५४ पासून ती इमारत ओस पडली. तीस वर्षे वारा-पाऊस आत येत होता. १९८० नंतर दुरुस्ती निघाली, तेव्हा छताची प्रत्येक वीट ठोकून पाहण्यात आली. विटा २८,००० हून अधिक होत्या. बदलाव्या लागल्या त्या १७.