पंधरा सामन्यांचे आर्सेनल आणि एका गावाचा खेळाडू : आर्वन ग्रिफिथ्सची कारकीर्द

एप्रिल २०२५ मध्ये रेक्सहॅमचा फुटबॉल क्लब सलग तिसऱ्यांदा वरच्या विभागात गेला आणि जगभर बातमी झाली. क्लबचे मालक दोन नट, त्यांच्यावरची माहितीपट-मालिका, त्या मालिकेचे प्रेक्षक खंडोखंडी. बातमीत एक वाक्य हमखास होते : इंग्लिश फुटबॉलच्या दुसऱ्या स्तरावर हा क्लब ४३ वर्षांनी पोहोचत आहे. मित्रहो, त्या ४३ वर्षांआधी तो तिथे पहिल्यांदा पोहोचला कसा, आणि कोणामुळे? आजचा धागा त्याविषयी. थोडा लांब आहे, सवडीने वाचा.

त्या माणसाचे नाव आर्वन ग्रिफिथ्स. इंग्रजी लिपीत हे नाव 'एफ' अक्षराने लिहितात, म्हणून अनेक जण 'आर्फॉन' म्हणतात. वेल्श भाषेत मात्र एकट्या 'एफ'चा उच्चार 'व'कडे झुकतो. आपण आर्वनच म्हणू.

जन्म ऑगस्ट १९४१, रेक्सहॅममध्येच. वेल्सच्या ईशान्य कोपऱ्यातले, इंग्लंडच्या सीमेला टेकलेले हे गाव. कोळसा, पोलाद, विटा आणि बिअर यांवर जगणारे. वेल्सची फुटबॉल संघटना १८७६ साली याच गावात स्थापन झाली. इथल्या रेसकोर्स मैदानावर १८७७ पासून आंतरराष्ट्रीय सामने होत आले आहेत. आजही वापरात असलेले जगातले सर्वांत जुने आंतरराष्ट्रीय फुटबॉल मैदान ते हेच. गावाचे क्लबशी नाते किती घट्ट होते, ते एका दुःखद घटनेवरून कळते. २२ सप्टेंबर १९३४ च्या पहाटे जवळच्या ग्रेसफर्ड कोळसाखाणीत स्फोट झाला आणि २६६ माणसे गेली. त्या दिवशी शनिवार होता. दुपारी रेक्सहॅमचा ट्रॅन्मिअरशी सामना होता आणि तो पाहता यावा म्हणून कित्येक कामगारांनी पाळी बदलून रात्रपाळी घेतली होती. बहुतेकांचे मृतदेह कधीच वर आणता आले नाहीत. आर्वनचा जन्म या घटनेनंतर सात वर्षांनी झाला. आठवण तेव्हा ताजीच होती.

वेल्समधला हा क्लब खेळत असे इंग्लंडच्या साखळीत. तिच्यात एकूण ९२ क्लब होते. १९५८ साली खालच्या स्तराची भौगोलिक विभागणी रद्द झाली आणि तिसरा व चौथा असे देशव्यापी विभाग निर्माण झाले. १९५९-६० च्या हंगामात किशोरवयीन आर्वन संघात आला, तेव्हा रेक्सहॅम तिसऱ्या विभागात होता. त्याच हंगामाअखेर तो चौथ्यात घसरला. आर्वन 'इनसाइड फॉरवर्ड' म्हणून खेळे. मधली फळी आणि आक्रमण यांना जोडणारी ही जागा. लहान चणीचा, चेंडूवर हुकमत असलेला हा मुलगा मोठ्या क्लबांच्या नजरेत भरायला वेळ लागला नाही.

इथे थोडे थांबून त्या काळातील खेळाडूची आर्थिक स्थिती समजून घेतली पाहिजे. त्याशिवाय पुढच्या घटनांचा अर्थ लागत नाही. जानेवारी १९६१ पर्यंत इंग्लंडमध्ये फुटबॉलपटूच्या वेतनावर कायमची मर्यादा होती : हंगामात आठवड्याला २० पौंड, उन्हाळ्यात १७. तुम्ही राष्ट्रीय संघाचे कर्णधार असा की चौथ्या विभागातले नवखे, याहून अधिक कायदेशीरपणे मिळणे नाही. दुसरे बंधन याहून जाचक. करार संपला तरी क्लब खेळाडूची नोंदणी आपल्याकडे ठेवू शकत असे. मग त्याला तिथेच खेळावे लागे, नाहीतर घरी बसावे लागे. वेठबिगारी हा शब्द कोणाला अतिशयोक्त वाटेल. मला तो फार दूरचा वाटत नाही.

खेळाडूंच्या संघटनेने जिमी हिल यांच्या नेतृत्वाखाली संपाची हाक दिली आणि जानेवारी १९६१ मध्ये, संपाला काही दिवस उरले असताना, वेतनमर्यादा उठली. लवकरच फुलहॅमच्या जॉनी हेन्सला आठवड्याला १०० पौंड मिळू लागले. मोठे आणि छोटे क्लब यांच्यातली दरी त्या क्षणापासून रुंदावत गेली. वीस पौंडांची मर्यादा अन्याय्य होतीच, पण गावचा चांगला खेळाडू तिच्यामुळे गावातच टिकण्याची शक्यता तरी होती. आता तेही कारण उरले नाही.

पुढच्याच महिन्यात, फेब्रुवारी १९६१ मध्ये, आर्सेनलने आर्वनला १५,५०० पौंडांना विकत घेतले. वय एकोणीस. चौथ्या विभागातून थेट पहिल्या विभागात, लंडनमध्ये, हायबरीच्या मैदानावर.

नेमके याच वेळी त्याच्या जागेवर आर्सेनलकडे आणखी एक माणूस आला होता. जॉर्ज ईस्टहॅम. न्यूकॅसलने त्याला सोडायला नकार दिल्यावर त्याने खेळणेच थांबवले आणि अखेर १९६० च्या शेवटी ४७,५०० पौंडांवर सौदा तुटला. ईस्टहॅमने पुढे न्यूकॅसलवर खटला चालवला. १९६३ साली न्यायमूर्ती विल्बरफोर्स यांनी खेळाडूला धरून ठेवण्याची ती पद्धत व्यवसायस्वातंत्र्यावरील गैरवाजवी बंधन ठरवली. फुटबॉलच्या इतिहासात ईस्टहॅमचे नाव या खटल्यामुळे अजरामर झाले. आर्वनच्या दृष्टीने मात्र तो आपल्याच जागेवर खेळणारा, तिप्पट किमतीचा सहकारी होता.

त्या काळी बदली खेळाडूची सोयही नव्हती. साखळी सामन्यांत ती १९६५ साली आली. अकरांत नाव नसेल तर शनिवारी राखीव संघातून खेळायचे, एवढेच. दीड वर्षात आर्वनच्या वाट्याला आर्सेनलचे पंधरा साखळी सामने आले आणि त्यांत दोन गोल. सप्टेंबर १९६२ मध्ये तो रेक्सहॅमला परतला.

खेळाडूंच्या चरित्रकोशात अशा कारकिर्दीची वासलात एका ओळीत लागते : 'वरच्या स्तरावर जम बसला नाही.' वाक्य खोटे नाही. पण त्या ओळीनंतर तो सतरा वर्षे खेळला, आणि खरी कथा तिथेच सुरू होते.

सुरुवात वाईट होती. तो लंडनला असताना रेक्सहॅम तिसऱ्या विभागात चढला होता. १९६४ मध्ये पुन्हा चौथ्यात कोसळला. १९६५-६६ च्या हंगामाअखेर तर चौथ्या विभागातही सर्वांत तळाशी. म्हणजे ९२ पैकी ९२ वा. आजच्या वाचकाला वाटेल, मग क्लब साखळीबाहेर गेला असेल. तसे नव्हते. आपोआप बाहेर पडण्याचा नियम १९८७ मध्ये आला. त्याआधी तळाच्या चार क्लबांनी साखळीतल्या इतर क्लबांपुढे दरवर्षी पुन्हा अर्ज करायचा आणि मतदानाने निर्णय व्हायचा. सहसा जुन्यांनाच मते मिळत, पण सहसाच. १९६० मध्ये गेट्सहेड बाहेर फेकला गेला, १९७० मध्ये ब्रॅडफर्ड पार्क अव्हेन्यू. हात जोडून उभे राहण्याची ही पाळी १९६६ साली रेक्सहॅमवर आली. क्लब वाचला. त्या तळाच्या वर्षांतही आर्वन संघात होता, उमेदीच्या पंचविशीत.

१९६८ मध्ये जॉन नील व्यवस्थापक झाले आणि चित्र पालटू लागले. १९७० मध्ये चौथ्या विभागात दुसरे येऊन क्लब वर चढला. मग युरोपचे दार उघडले आणि हा भाग मोठा गमतीचा आहे. वेल्सच्या क्लबांना आपल्या देशाची वेल्श कप स्पर्धा जिंकून युरोपियन कप विनर्स कपमध्ये प्रवेश मिळत असे. त्यामुळे इंग्लिश साखळीत तिसऱ्या विभागात रखडणारा संघ युरोपातल्या बड्या क्लबांविरुद्ध खेळू शके. १९७२ मध्ये रेक्सहॅमने एफसी झुरिकला हरवले आणि हायडुक स्प्लिटशी बरोबरी होऊन केवळ परक्या मैदानावरील गोलांच्या नियमाने ते बाद झाले. १९७५-७६ मध्ये युरगोर्डन आणि स्टाल जेशुव यांना मागे टाकून ते उपांत्यपूर्व फेरीत पोहोचले. तिथे आंडरलेख्टने दोन सामन्यांत मिळून २-१ असे हरवले. तोच संघ पुढे चषक घेऊन गेला.

याच काळात देशाने आर्वनला बोलावले, तेही उशिरा. वेल्ससाठी पहिला सामना १९७१ मध्ये, वयाच्या एकोणतिसाव्या वर्षी. एकूण १७ सामने आणि सहा गोल. यांतला एक गोल मात्र सतरा सामन्यांच्या मानाने फार मोठा आहे.

१९७६ च्या युरोपीय राष्ट्र-स्पर्धेची पात्रता फेरी. वेल्सच्या गटात हंगेरी, ऑस्ट्रिया आणि लक्झेंबर्ग. पहिला सामना व्हिएन्नात गमावला, तेव्हा वेल्सकडे कोणी गंभीरपणे पाहिले नव्हते. त्यानंतर संघाने सलग चार सामने जिंकले. हंगेरीला मायदेशी २-० हरवले, त्यात आर्वनचा गोल होता, आणि बुडापेस्टमध्ये जाऊनही हरवले. १९ नोव्हेंबर १९७५ ला शेवटचा सामना पुन्हा ऑस्ट्रियाशी, आणि मैदान कोणते? रेसकोर्स! गोल एकच झाला आणि तो आर्वन ग्रिफिथ्सने केला. चौतीस वर्षांचा, तिसऱ्या विभागातला खेळाडू, आपल्या क्लबच्या मैदानावर, आपल्या गावकऱ्यांसमोर. वेल्स गटात पहिला आला आणि युरोपच्या शेवटच्या आठांत पोहोचला. ब्रिटनमधला दुसरा एकही संघ तिथवर आला नव्हता.

पुढे युगोस्लाव्हियाने वेल्सला झाग्रेबमध्ये २-० हरवले. कार्डिफचा १-१ असा सुटलेला परतीचा सामना नाकारलेले गोल, हुकलेली पेनल्टी आणि पंचावरचा रोष यांसाठी वेल्समध्ये आजही आठवला जातो. त्या वेळी अंतिम स्पर्धेत चारच संघ असत आणि उपांत्यपूर्व फेरी मायदेशी-परदेशी खेळवली जाई. म्हणून २०१६ च्या पात्रतेला 'वेल्सची पहिली युरो' म्हणतात. नोंद अचूक आहे, पण तिच्यामागे १९७५ ची ही रात्र झाकली जाते. १९७६ मध्ये आर्वनला एमबीई हा सन्मान मिळाला.

क्लबला मात्र दुसरा विभाग हुलकावणी देत राहिला. १९७७ मध्ये बढती हाताशी असताना शेवटचे दोन्ही सामने रेक्सहॅम आपल्याच मैदानावर हरला. जॉन नील मिडल्सबरोला निघून गेले आणि क्लबने आर्वनला खेळाडू-व्यवस्थापक केले.

त्याचा पहिलाच हंगाम, १९७७-७८, हा रेक्सहॅमच्या इतिहासातला तोवरचा सर्वांत मोठा हंगाम ठरला. हेरफर्डहून त्याने डिक्सी मॅकनील हा गोल करणारा गडी आणला, एव्हर्टनकडून गोलरक्षक दाई डेव्हिस. लीग कपच्या उपांत्यपूर्व फेरीत लिव्हरपूलशी हार. एफए कपमध्ये ब्रिस्टल सिटी आणि न्यूकॅसल या पहिल्या विभागातील क्लबांना घरी पाठवून पुन्हा उपांत्यपूर्व फेरी. आणि तिथे रेसकोर्सवर समोर कोण, तर आर्सेनल! रेक्सहॅम ३-२ असे हरले. पण २२ एप्रिल १९७८ ला रॉदरहॅमला ७-१ हरवून बढती पक्की झाली. विजयाला दोनच गुण मिळण्याच्या त्या काळात ४६ सामन्यांत ६१ गुण, तिसऱ्या विभागाचे विजेतेपद, वर वेल्श कपही. क्लबच्या स्थापनेनंतर ११४ वर्षांनी रेक्सहॅम प्रथमच दुसऱ्या विभागात आला.

तिथे टिकणे ही वेगळी लढाई होती. वेतनमर्यादा उठल्यानंतरची दरी आता व्यवस्थापक म्हणून त्याच्या समोर उभी राहिली : तयार झालेला खेळाडू मोठे क्लब नेणार, छोट्या क्लबने त्या पैशावर वर्ष काढायचे. जोई जोन्स १९७५ मध्येच १ लाख १० हजार पौंडांना लिव्हरपूलला गेला होता. नोव्हेंबर १९७८ मध्ये मिकी थॉमस ३ लाखांना मँचेस्टर युनायटेडला गेला. याच वाटेने एकेकाळी १५,५०० पौंडांचा एक मुलगा लंडनला गेला होता. आता त्या वाटेवर मुलांना निरोप देणे त्याचे काम झाले.

१९७९ मध्ये त्याने खेळणे थांबवले. रेक्सहॅमसाठी ५९० हून अधिक साखळी सामने. हा क्लबचा विक्रम आहे. १९८१ मध्ये त्याने व्यवस्थापकपद सोडले, तेव्हा क्लब दुसऱ्या विभागातच होता. नंतर तो सीमेपलीकडच्या क्रू अलेक्झांड्राकडे गेला आणि त्या हंगामाअखेर क्रू ९२ पैकी ९२ वा आला; अर्ज आणि मतदानाची ती पाळी त्याने दुसऱ्यांदा पाहिली. त्याच वर्षी, १९८२ मध्ये, रेक्सहॅम दुसऱ्या विभागातून घसरला, १९८३ मध्ये तिसऱ्यातूनही, आणि २००८ मध्ये साखळीच्याच बाहेर गेला. पंधरा वर्षांनी, २०२३ मध्ये, तो परत आला.