प्रसंगांचे सांधे: वग, ‘घाशीराम’ आणि दूरदर्शन मालिका

१९७० नंतर मराठीत ब्रेख्तप्रणीत ‘एपिक’ रंगभूमीची जी चर्चा झाली, तिच्यात एक गृहीतक पुष्कळदा तपासून न पाहताच स्वीकारले गेले. सुट्या प्रसंगांची मांडणी प्रेक्षकाला विचारप्रवृत्त करते आणि कार्यकारणाने घट्ट विणलेले कथानक त्याला भारून टाकते, असे ते गृहीतक. ‘महागनी’ या ऑपेरावरील १९३० च्या टिपणात ब्रेख्तने स्वतःच हा भेद कोष्टकरूपाने मांडला होता. एका रंगभूमीत प्रसंग पुढच्या प्रसंगासाठी असतो. दुसरीत तो स्वतःसाठी असतो. परंतु मराठी प्रेक्षकाने रंगमंचावर आणि पुढे प्रक्षेपणमाध्यमांतून अनुभवलेल्या प्रसंगमालिकांचा इतिहास पाहता हा भेद अपुरा वाटू लागतो. दोन प्रसंगांच्या सांध्यावर कोण उभा आहे, हे त्यात विचारलेलेच नाही.

तमाशाच्या वगात या प्रश्नाचे उत्तर उघड असते. गण, गवळण, बतावणी आटोपल्यावर सुरू होणारी कथा बहुधा ओळखीची असते आणि एका गिरकीत राजवाड्याचे अरण्य होते. सोंगाड्या कथेतले पात्र असतो, आणि त्याच दमात समोर बसलेल्या गावपुढाऱ्याची टरही उडवतो. वसंत सबनीसांच्या ‘विच्छा माझी पुरी करा’ (१९६५) या लोकनाट्यात दादा कोंडके यांनी ही जागा चालू राजकारणावरील उत्स्फूर्त टिप्पणीसाठी वापरली. संहिता लिखित, पण सांधा प्रयोगागणिक नवा. हा सांधा विश्वासार्ह असतो, कारण सोंगाड्या सत्तेच्या बाजूचा नाही हे प्रेक्षकाला ठाऊक असते.

नेमका हाच विश्वास विजय तेंडुलकरांनी ‘घाशीराम कोतवाल’मध्ये काढून घेतला. १६ डिसेंबर १९७२ रोजी जब्बार पटेल यांच्या दिग्दर्शनाखाली पुण्यात या नाटकाचा पहिला प्रयोग झाला. नाना फडणविसांच्या चित्रणावरून वादळ उठले, १९ प्रयोगांनंतर प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशनने ते थांबवले आणि त्यातून बाहेर पडलेल्या रंगकर्मींनी थिएटर अकादमी स्थापन करून ते पुन्हा उभे केले. या वादात नाटक ऐतिहासिक की अनैतिहासिक, एवढ्यावरच बराच खल झाला. त्याच्या रचनेकडे मात्र त्या मानाने कमी लक्ष गेले. येथे प्रसंग जोडण्याचे काम सूत्रधाराबरोबरच ब्राह्मणांच्या मानवी भिंतीकडे आहे. ती गाते, नाचते, प्रसंग उघडते. पाठ फिरवली की पडदा होऊन मागे चाललेले झाकते. बावन्नखणीकडे निघालेले तेच, सज्जनपणाचा आव आणणारे तेच, आणि अखेरीस घाशीरामच्या देहान्तासाठी नानांच्या वाड्यावर चालून जाणारेही तेच. कथा सांगणारा, लपवणारा आणि गुन्ह्यात वाटेकरी असणारा समूह एकच आहे. भास्कर चंदावरकरांचे संगीत आणि कृष्णदेव मुळगुंदांची नृत्यरचना यांच्या देखणेपणात आशय विरघळतो, हा प्रयोगावरील जुना आक्षेप. तो सर्वस्वी खोटा नाही. मात्र ज्या गोडव्याने प्रेक्षक गुंगतो तो भिंतीचाच गोडवा आहे, हे त्या आक्षेपातून निसटते.

नभोवाणीने प्रसंगमालिकेला घरगुती वळण दिले. मुंबई आकाशवाणीवरील ‘प्रपंच’मध्ये टेकाडे भावजी आणि मीनावहिनी यांचा तंटा त्या त्या वेळीच मिटत असे, पुढच्या वेळी पुन्हा पहिल्यापासून. चि. वि. जोशींचा चिमणराव दूरदर्शनवर आला तोही असाच, प्रत्येक खेपेस नव्याने फजित होण्यास सिद्ध.

७ जुलै १९८४ पासून दूरदर्शनवर आलेल्या मनोहर श्याम जोशी लिखित ‘हम लोग’ने भाग अपुरा ठेवण्याची सवय लावली. मेक्सिकोतील बोधप्रद मालिकांचा आदर्श तिच्यापुढे होता. प्रत्येक भागाच्या शेवटी अशोककुमार येऊन प्रेक्षकांशी बोलत. सांध्यावर माणूस होता. पण तो वडीलधारा होता, त्याची थट्टा संभवत नव्हती. सुरुवातीच्या तेराएक भागांनंतर कुटुंबनियोजनाचा उपदेश सौम्य करण्यात आला आणि कौटुंबिक गुंतागुंत वाढली. उपदेशक मात्र जागेवरच राहिला.

२ ऑक्टोबर १९८८ ते २४ जून १९९० या काळात ९४ भागांत प्रक्षेपित झालेल्या ‘महाभारत’ मालिकेने पुढचे पाऊल टाकले. राही मासूम रझा यांच्या लेखनात निवेदक झाला प्रत्यक्ष ‘समय’. हरीश भिमाणी यांचा आवाज आणि देह नाही. कल्पना भव्य होती, यात शंका नाही. तथापि मूळ ग्रंथाची कथनरचना नेमकी याच्या उलट आहे. तेथे वैशंपायन सांगतो आणि जनमेजय मध्येच प्रश्न विचारतो. उग्रश्रव्यासमोर शौनकादी ऋषी बसलेले असतात. युद्धाची वार्ता संजय सांगतो ती ज्याचे पुत्र मरत आहेत त्या धृतराष्ट्राला. निवेदनाला प्रत्येक ठिकाणी श्रोता आहे, आणि त्या श्रोत्याचा कथेत हितसंबंध आहे. मालिकेने हे श्रोते निवेदनाच्या चौकटीतून वगळले आणि सांध्यावर असा आवाज बसवला की ज्याला कोणी काही विचारू शकत नाही. प्रसंग सुटेच राहिले. संशयाची जागा तेवढी बुजली.

१९९९ मध्ये अल्फा मराठीवर ‘आभाळमाया’ सुरू झाली तोपर्यंत निवेदक ही गरजच उरली नव्हती. भाग एखाद्या चेहऱ्यावर थांबतो, पार्श्वसंगीत चढते आणि सांध्यावर जाहिरात येते.